मतदार बदलू नका, त्यांना लिहायला लावा

बॅलन डी'ओर म्हणजे वर्षातल्या सर्वोत्तम फुटबॉलपटूला 'फ्रान्स फुटबॉल' मासिकाकडून, देशोदेशीच्या पत्रकारांच्या मतांवर मिळणारा पुरस्कार. त्याचा निकाल लागला की आपल्याकडं एक वाद हमखास पेटतो. लातूरच्या शिकवणी परिसरातली होस्टेलं असोत की संभाजीनगरच्या आमखास मैदानाबाहेरच्या चहाच्या टपऱ्या, युरोपातलं एकही स्टेडियम डोळ्यांनी न पाहिलेली पोरं या पुरस्कारापायी एकमेकांशी अबोला धरतात. 2024 ला तो रॉड्रीला मिळाला तेव्हा रिआल माद्रिदवाले भडकले, 2025 ला उस्मान डेम्बेलेला मिळाला तेव्हा लामिन यमालवाले. भांडायला माझी ना नाही; खेळावरून भांडणारी पोरं जातीवरून भांडणाऱ्यांपेक्षा केव्हाही बरी. तक्रार आहे ती भांडणाच्या दर्जाबद्दल. दोन्ही वेळी गाडी शेवटी एकाच स्टेशनावर येऊन थांबली: पत्रकारांना काय कळतं, त्यांचं मत काढून घ्या. मग कुणी म्हणतं मत खेळाडूंना द्या, कुणी म्हणतं लोकांना द्या, कुणी म्हणतं माणूसच नको, आकडे घाला आणि काय निघेल ते घ्या. मला हे तिन्ही इलाज रोगापेक्षा भयंकर वाटतात. मत पत्रकारांकडंच राहावं. बदलायच्याच असतील तर दोन गोष्टी बदला. मतदाराला त्याच्या मताचं कारण लिहायला लावा, आणि 2022 साली निम्म्या जगाच्या तोंडावर लावून घेतलेलं दार उघडा.

आधी समोरच्याचं सगळ्यात वजनदार म्हणणं मांडतो. 2024 ला मँचेस्टर सिटीच्या रॉड्रीला 1170 गुण पडले, रिआल माद्रिदच्या व्हिनिसियस ज्युनियरला 1129. फरक 41 चा. प्रत्येक मतदार दहा नावं क्रमानं लिहितो. पहिल्याला 15 गुण, दुसऱ्याला 12, तिसऱ्याला 10 असं उतरत जातं. फिनलंड, नामिबिया आणि एल साल्वादोर या तीन देशांच्या मतपत्रिकांवर व्हिनिसियसचं नाव पहिल्या दहांतही नव्हतं. त्याच वर्षी चॅम्पियन्स लीगच्या, म्हणजे युरोपातल्या क्लबांच्या सगळ्यात मोठ्या स्पर्धेच्या, अंतिम सामन्यात गोल मारलेला माणूस जगातल्या पहिल्या दहांत बसत नाही? या तिघांनी त्याला पहिलं धरलं असतं तर 45 गुण वाढले असते आणि निकाल फिरला असता. तीन माणसांच्या पेनात एवढी ताकद असावी हे कुणाला खटकलं तर त्यात काय चुकलं? त्यातून व्हिनिसियस हा स्पेनच्या मैदानांवर वर्णद्वेषी शिव्या झेलत खेळणारा. आणि 1956 पासूनच्या विजेत्यांच्या यादीत आफ्रिकेचं नाव एकच, 1995 चा लायबेरियाचा जॉर्ज वेया. संशय यायला एवढं पुरेसं आहे. रिआल माद्रिदनं समारंभाकडं पाठ फिरवली तो मात्र निव्वळ रुसवा होता, त्याला युक्तिवाद म्हणायची माझी तयारी नाही.

पण हा हिशेब तुम्हाला-मला करता आला कसा? कोणत्या देशाच्या कोणत्या पत्रकारानं कुणाला कितवं धरलं हे नावागावासकट जाहीर होतं म्हणून. लातूरचं पोरगं मोबाइलवर तीन मतपत्रिका उघडून पंधरा त्रिक पंचेचाळीस करू शकतं आणि फिनलंडच्या माणसाला जाब विचारू शकतं. आपल्याकडच्या किती पुरस्कारांचं असं होतं? 2024 च्या डिसेंबरात खेलरत्नच्या शिफारशींत मनू भाकरचं नाव नसल्याची बातमी आली. पॅरिसच्या एकाच ऑलिम्पिकमध्ये दोन पदकं मिळवलेली मुलगी! ओरड झाली, अर्ज भरण्यात आपल्याकडूनच काही राहिलं असेल असं ती बिचारी स्वतःच म्हणाली, आणि जानेवारीत पुरस्कार तिला मिळाला. मधल्या काळात त्या समितीत कोण काय बोललं, कोण गप्प बसलं, हे कळण्याची सामान्य माणसाला सोय नाही. जिथं मत झाकलेलं असतं तिथं अन्याय होत नाही असं नाही. तो मोजता येत नाही, एवढंच.

आता खेळाडूंना मत देण्याचं बघू. हा प्रयोग होऊन गेलाय, हे भांडणारे सोयीनं विसरतात. 2010 ते 2015 अशी सहा वर्षं हा पुरस्कार फिफाबरोबर एकत्र दिला जात होता. मतं तीन वाट्यांत विभागली होती: राष्ट्रीय संघांचे कर्णधार, प्रशिक्षक आणि पत्रकार. 2014 च्या मतपत्रिका काढून बघा. अर्जेंटिनाचा कर्णधार मेस्सी. त्यानं लिहिलेली नावं: डी मारिया, इनिएस्टा, मास्केरानो. पोर्तुगालचा कर्णधार रोनाल्डो. त्याची नावं: रामोस, बेल, बेन्झेमा. सहाच्या सहा नावं आपापल्या क्लबातल्या नाहीतर देशाच्या संघातल्या सोबत्यांची. त्या वर्षी जर्मनीनं विश्वचषक जिंकला होता आणि त्यांचा गोलरक्षक नॉयर अंतिम तिघांत होता. या दोघांना तो दिसला नसेल? दिसला असणारच. पण ज्यांच्यासोबत सोमवारी सरावाला उतरायचंय त्यांच्यावर फुली मारून प्रतिस्पर्ध्याचं नाव लिहिणं माणसाला जड जातं. यात मी त्यांना दोष देत नाही. मीही तेच केलं असतं. पत्रकारालाही आपल्या देशाच्या पोराचं प्रेम असतं, हेही कबूल. फरक असा की कर्णधार ड्रेसिंग रूमला बांधील असतो आणि पत्रकार, निदान कागदोपत्री, वाचकाला.

त्या सहा वर्षांत आणखी एक झालं. 2010 ला केवळ पत्रकारांची मतं मोजली असती तर पुरस्कार वेस्ली स्नायडरला गेला असता. इंटर मिलानसोबत तीन किताब आणि नेदरलँड्ससोबत विश्वचषकाची अंतिम फेरी, असं त्याचं वर्ष होतं. एकूण मोजणीत तो चौथा आला. 2013 ला पत्रकारांचा पहिला क्रमांक होता फ्रँक रिबेरी. मोजणीअंती तो तिसरा. त्या वर्षी जिंकलेल्या रोनाल्डोनं 69 गोल केले होते, त्यामुळं अपात्र माणसाच्या गळ्यात माळ पडली असं मी म्हणणार नाही. पण मतदानाची मुदत 15 नोव्हेंबरला संपायची ती 29 पर्यंत वाढवली, आणि मधे 19 तारखेला स्वीडनविरुद्ध रोनाल्डोची हॅटट्रिक झाली. आधी मत दिलेल्यांना ते बदलायचीही मुभा होती. चालू शर्यतीत अंतिम रेषा पुढं सरकवायचा निर्णय पत्रकारांचा होता का?

लोकांना मत द्या, हे म्हणणं ऐकायला सगळ्यात गोड. लोकशाहीच्या देशात त्याला विरोध करणारा माणूस आपोआप वाईट ठरतो. मात्र 2007 आठवा. जगातली नवी सात आश्चर्यं निवडण्यासाठी एका खाजगी संस्थेनं मतदान घेतलं आणि देशभर ताजमहालासाठी एसएमएस करण्याची लाट आली. ताजमहाल निवडून आला, युनेस्कोनं आपला या प्रकाराशी संबंध नाही म्हणून सांगितलं. आमच्या वेरूळचं कैलास लेणं, एका अखंड डोंगरातून वरून खाली कोरत आणलेलं, त्या धुमाळीत कुणाच्या खिजगणतीत होतं? 1983 साली युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत ताजमहाल आणि वेरूळ-अजिंठा एकाच वर्षी आले होते. तिथं एसएमएस नव्हता, बघून आलेल्या जाणकारांची टिपणं होती. मोबाइलवरचं मतदान प्रसिद्धी मोजतं. ज्याचे चाहते जास्त तो पुढं. मग मतदान घ्यायचंच कशाला, इन्स्टाग्रामवरचे फॉलोअर मोजले की काम झालं.

इथं आपल्या घरातलं उदाहरण आठवतं, साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदाचं. 1992 च्या कोल्हापूर संमेलनासाठीच्या निवडणुकीत इंदिरा संत हरल्या आणि रमेश मंत्री निवडून आले. मराठी वाचकाच्या मनातला हा सल तीस वर्षं उलटूनही गेलेला नाही. निवडणुकीच्याच जमान्यात 1995 ला परभणीत नारायण सुर्वे अध्यक्ष झाले हेही खरं, तेव्हा निवडणूक म्हणजे सगळा कचरा असं नाही. पण मतांसाठी गावोगाव फिरायचं, पत्रकं वाटायची, संस्थांच्या पदाधिकाऱ्यांची मनधरणी करायची, हे ज्यांना जमत नाही ते मागं राहणार हे उघड होतं. 2018 ला साहित्य महामंडळानं निवडणूक मोडीत काढली आणि सन्मानानं निवड करायचं ठरवलं. त्यातून 2020 ला धाराशिवला फादर फ्रान्सिस दिब्रिटो, पुढं नाशिकला जयंत नारळीकर, 2022 ला उदगीरला भारत सासणे अध्यक्ष झाले. निवडणूक असती तर यातले किती जण उभे राहिले असते? सुधारणा झालीच. तरी एक गोष्ट हातची गेली. उदगीरच्या मांडवात बसलेल्या वाचकाला ही निवड कोणत्या चर्चेतून झाली ते विचारायची सोय उरली नाही. आधी गर्दी होती आणि मत गुप्त होतं. आता माणसं मोजकी आहेत आणि चर्चा बंद खोलीत आहे. मोजकी माणसं आणि उघडं मत, हा तिसरा रस्ता आपण कधी धरलाच नाही. बॅलन डी'ओर त्याच रस्त्यावर आहे, आणि आपण त्याला तिथून खाली ढकलायला निघालोय.

राहिले आकडे. आकड्यांच्या बाजूनं एक चांगला मुद्दा आहे: आकड्याला देश नसतो, कातडीचा रंग नसतो. मान्य. पण आकड्याला डोळेही नसतात. जिल्हा पातळीवरच्या एका पुरस्कार समितीत मी बसलोय. टेबलावर फायलींचा ढीग. प्रत्येक फायलीत प्रमाणपत्रांच्या साक्षांकित झेरॉक्स. राष्ट्रीय स्पर्धेला इतके गुण, राज्याला इतके, विभागीयला इतके. बेरजेला एक कारकून, सह्यांना आम्ही. एका कबड्डीपटूची फाइल पातळ होती. डाव्या कोपऱ्यावर खेळायचा, त्याचा संघ विभागाच्या पुढं कधी गेला नाही म्हणून प्रमाणपत्रंही तेवढीच. समितीतल्या दोघांनी त्याची पकड पाहिली होती. चढाईपटू बोनस रेषेकडं पाय टाकेपर्यंत हा दगडासारखा स्थिर, आणि मग घोट्यावर असा पडायचा की समोरच्याला मागं वळायला वेळच नाही. पण तक्त्यात 'पाहिलं' याला रकाना नव्हता. जाड फाइल जिंकली.

फुटबॉलमध्ये तर हे आणखी अवघड. आमखासवर संध्याकाळी खेळ चालू असताना चेंडूवरून नजर काढून बचावातल्या एखाद्या शहाण्या पोरावर ठेवून बघा. तो पळताना दिसत नाही, लोळण घेत नाही, ओरडत मात्र सारखा असतो. दोन पावलं डावीकडं सरकतो आणि समोरचा मुलगा पास द्यायचा विचारच सोडून चेंडू मागं वळवतो. जो पास दिला गेला नाही त्याची नोंद कुठल्या तक्त्यात होते? रॉड्रीचं श्रेय याच जातीचं होतं. 2023-24 च्या इंग्लंडच्या प्रीमियर लीगमध्ये मँचेस्टर सिटी तीन सामने हरली: वुल्व्ह्ज, आर्सेनल आणि ॲस्टन व्हिला. तिन्ही सामन्यांत रॉड्री मैदानावर नव्हता. गोलांच्या यादीत शोधायला गेलात तर तो खूप खाली सापडेल. आजवर गोलरक्षकाला हा पुरस्कार एकदाच मिळालाय, 1963 ला लेव्ह याशिनला. बचावपटू म्हणाल तर बेकेनबाउर, झामर आणि 2006 चा कॅनावारो. पाओलो माल्दिनीला एकदाही नाही. ही यादी पत्रकारांच्या नजरेचं मोठं अपयश आहे, तेही मी पदरात घेतो. पण हे मोजके बचावपटू तरी बघणाऱ्यांमुळंच आत आले. गोलांची बेरीज करणाऱ्या यंत्रानं त्यांना उंबऱ्याशीही येऊ दिलं नसतं.

या पुरस्काराचे सगळ्यात मोठे अन्याय कुणी केले, हे कुणी नीट विचारतच नाही. पेलेला बॅलन डी'ओर मिळाला नाही. मॅराडोनाला मिळाला नाही. पत्रकार आंधळे होते म्हणून? मुळीच नाही. 1994 पर्यंत नियमच असा होता की खेळाडू युरोपीय देशाचाच हवा. मॅराडोना नेपल्समध्ये युरोपच्या नाकासमोर खेळत होता आणि मतपत्रिकेवर त्याचं नाव लिहायची परवानगी नव्हती! 2016 ला 'फ्रान्स फुटबॉल'नं स्वतःच जुना हिशेब पुन्हा मांडला. 1956 ते 1994 च्या 39 पुरस्कारांपैकी 12 दक्षिण अमेरिकनांना गेले असते, त्यात एकट्या पेलेचे सात. 2020 ला रॉबर्ट लेवांडोव्स्कीच्या हातचा पुरस्कार गेला तोही मतदारांमुळं नाही; करोनाचं कारण देऊन मासिकानं तो रद्दच केला. बायकांसाठी हा पुरस्कार सुरू व्हायला 2018 उजाडलं, म्हणजे 62 वर्षं. तेही मतदारांनी ठरवलेलं नव्हतं. दरवेळी खोट नियमात होती, आणि दरवेळी चपला पत्रकाराच्या अंगणात पडल्या.

1956 चंच वर्ष घ्या. 1 नोव्हेंबरला मराठवाडा हैदराबाद राज्यातून निघून द्विभाषिक मुंबई राज्यात आला. त्याच सुमारास हैदराबादचे प्रशिक्षक रहीमसाहेब भारताचा फुटबॉल संघ घेऊन मेलबर्न ऑलिम्पिकला गेले होते. नेव्हिल डिसूझानं यजमान ऑस्ट्रेलियाविरुद्ध तीन गोल मारले, ऑलिम्पिकमध्ये हॅटट्रिक करणारा तो पहिला आशियाई. भारत चौथा आला. त्याच डिसेंबरात पॅरिसमध्ये पहिला बॅलन डी'ओर जाहीर झाला. नेव्हिलला तो मिळायला हवा होता असा दावा मी करत नाही, तेवढी अक्कल आहे. पण त्याचा विचार होऊन तो मागं पडला असं घडलंच नाही. विचार करायला मनाई होती.

हीच मनाई आता मतदारांच्या बाबतीत मागल्या दारानं परत आलीय. आधी दीडशेहून जास्त देशांचे पत्रकार मत देत. 2022 पासून पुरुषांच्या पुरस्कारासाठी फिफा क्रमवारीतल्या पहिल्या शंभर देशांनाच मत उरलं. भारत तेव्हा शंभराच्या बाहेर होता, आपलं मत गेलं. जाणकार मतदार हवेत म्हणून ही कात्री लावली, आणि हेतूवर मला शंका नाही. मतपत्रिका भरमसाठ झाल्या की भलतीसलती नावं येतात. पण देशाचा संघ कितवा आहे यावरून तिथल्या पत्रकाराची नजर कशी ठरते? केरळ-बंगालमध्ये रात्री दीड वाजता चॅम्पियन्स लीग बघून सकाळी त्यावर लिहिणारी माणसं आहेत. आणि गंमत अशी की ज्या फिनलंडवरून एवढं रान उठलं, तो देश शंभराच्या आतलाच होता. कात्री लावून निष्काळजीपणा गेला नाही.

कधी बुटाला पाय न लावलेल्यांना काय कळतं, या टोमण्याला फार वेळ द्यायची गरज नाही. धाराशिवच्या सारिका काळेला 2020 ला अर्जुन पुरस्कार मिळाला. तिच्यासारख्या खो-खोच्या पोरींच्या दोन-दोन ओळींच्या बातम्या वर्षानुवर्षं तालुक्याच्या वार्ताहरांनीच पाठवल्या, त्यातल्या कितींनी आयुष्यात खो दिला असेल? शिवाय बॅलन डी'ओर ज्याच्या डोक्यातून निघाला तो गाब्रिएल आनो आधी फ्रान्सकडून खेळलेला आणि मग पत्रकार झालेला माणूस. क्लबांच्या युरोपीय चषकाची, म्हणजे आजच्या चॅम्पियन्स लीगची, कल्पनाही त्याचीच. ज्या स्पर्धेवरून पोरं भांडतात ती आणि ज्या पुरस्कारावरून भांडतात तो, दोन्ही एका पत्रकाराच्याच खात्यावर जमा आहेत.

तेव्हा मागणी करायची तर ही करा: दहा नावांखाली पाच ओळी. पहिल्याला पहिलं का धरलं, तेवढंच. नियमावलीत आज तीन निकष आहेत: खेळाडूची स्वतःची कामगिरी, संघाचं यश, आणि दर्जा व खिलाडूवृत्ती. कोणत्या निकषाला किती वजन द्यायचं हे ज्याचं त्यानं ठरवायचं. पहिल्याच वर्षी याच मुद्द्यावर सगळं अडलं होतं. युरोपीय चषक जिंकलेला डी स्टेफानो 44 गुणांवर राहिला आणि त्या हंगामात एकही किताब नसलेला 41 वर्षांचा स्टॅनली मॅथ्यूज 47 गुणांनी जिंकला. कुणी चषकाला मत दिलं, कुणी माणसाला. कारणं लिहिलेली असती तर आज आपण निदान कोणती फूटपट्टी लावली त्यावर भांडलो असतो. आज फक्त हेतूवर भांडतो. फिनलंडच्या मतदारालाही व्हिनिसियस दहांत का नाही हे लिहायचं आहे असं माहीत असतं, तर यादी पाठवण्याआधी त्यानं ती एकदा नक्की वाचली असती.

यावर म्हणतील, कारणं लिहायला लावली की सगळे तेच ते गुळमुळीत लिहितील: महान हंगाम, निर्णायक गोल, प्रेरणादायी. लिहू देत. गुळमुळीत लिहिणाऱ्याचं नावही त्याच्याखाली छापून येईल आणि पुढच्या वर्षी त्याला बदलायला मासिकाला पुरावा मिळेल. चांगलं कारण कसं असतं याचा नमुना तर 2025 नंच दिलाय. पॅरिस सेंट-जर्मेंनं चॅम्पियन्स लीगच्या अंतिम सामन्यात इंटरला 5-0 नं धुतलं, त्यात डेम्बेलेचा गोल एकही नव्हता. तरीही सामन्यानंतर प्रशिक्षक लुइस एनरिके म्हणाला की नुसता ज्या तऱ्हेनं तो आज बचावाला उतरला, त्यासाठीच मी त्याला बॅलन डी'ओर देईन. इंटरचा गोलरक्षक गोल किक घ्यायला उभा राहिला की पेनल्टीच्या चौकटीच्या टोकाशी वाकून, शर्यत सुटायची वाट बघत असल्यासारखा डेम्बेले उभा. ते बघून समोरच्यांना जवळचा पास द्यायची हिंमत होत नव्हती. एनरिके आपल्याच खेळाडूचा वकील, त्याचं वाक्य तेवढं सवलतीनं घ्या. पण ते तपासता येतं. सामना परत लावायचा, इंटरच्या प्रत्येक गोल किकला डेम्बेले कुठं उभा आहे ते बघायचं आणि मग यमालच्या बाजूनं काय बोलायचं ते बोलायचं.